पासबुकातली अनोळखी ओळ

गेल्या पावसाळ्यातली गोष्ट. सातारा जिल्ह्यातल्या एका गावात बचत गटाची बैठक होती. विषय ठरला होता रेशन दुकानाचा. बायका जमत होत्या, सतरंजी अंथरून झाली होती, तेवढ्यात एका आक्कांनी पिशवीतून पासबुक काढून माझ्यापुढे धरले. "ताई, ह्ये जरा वाचा. सरकारचं पंधराशे आलं, ते दिसतंय. मग ह्ये दोनशे पंच्याण्णव कुणी नेलं? मी तर त्या महिन्यात बँकेची पायरीसुद्धा चढले न्हाई."

मी वाचले. नोंदीत इंग्रजी अक्षरांचा एक घोळका आणि त्याच्यापुढे २९५ हा आकडा. मला काही उलगडले नाही. शेजारच्या बाईने आपले पासबुक काढले, मग तिसरीने, मग घरी पळत जाऊन आणखी चौघींनी आणले. रेशन दुकान त्या दिवशी बाजूलाच राहिले. दिवेलागणीपर्यंत आम्ही पासबुकेच वाचत बसलो. त्यात एकही पासबुक असे निघाले नाही, की ज्यातल्या सगळ्या ओळी मालकिणीला ओळखता आल्या. कुठे ४३६ रुपये, कुठे २० रुपये, कुठे १४७ रुपये ५० पैसे, तर कुठे सतराच रुपये आणि वर सत्तर पैसे. प्रत्येकीचा प्रश्न एकच, "ह्ये कुणी नेलं?"

त्या रात्री घरी येऊन मी माझे स्वतःचे पासबुक शोधले. कबूल करायला लाज वाटते, पण सांगायला हवे. इतकी वर्षे मोर्चे काढले, शिबिरांतून बायकांच्या मिळकतीच्या हक्कावर बोलले, पण पासबुक भरून आणायचे काम आमच्या घरीही 'यांच्या'कडेच होते. मी ते वाचलेले नव्हते. वाचले तेव्हा दिसले, की एकाच विम्याचा ४३६ रुपयांचा हप्ता माझ्या दोन बँकांतल्या दोन खात्यांतून दर वर्षी जात होता. दुसऱ्या ठिकाणी मी कधी हो म्हटले ते मला आजही आठवत नाही.

म्हणून हा लेख. पैसे कसे सांभाळावेत याचे धडे देणारे लेख बरेच असतात. मला त्यात भर घालायची नाही. मला म्हणायचे आहे ते इतकेच, की 'हे कुणी नेलं' हा प्रश्न बाईच्या हक्काचा प्रश्न आहे, आणि आपल्या गटांनी तो तसाच हाताळला पाहिजे.

नाव तिचे, खाते कुणाचे?

मजुरी बाईच्या स्वतःच्या हातात पडावी, नवऱ्याच्या किंवा मुकादमाच्या नव्हे, ही आपली जुनी मागणी. बाईच्या नावाने खाते ही त्याच मागणीची पुढची पायरी होती. ऑगस्ट २०१४ मध्ये जनधन योजना सुरू झाली आणि ज्या बायकांनी बँक आतून पाहिली नव्हती त्यांच्या नावाने खाती उघडली गेली. गॅसचे अनुदान, मजुरी, मुलांची शिष्यवृत्ती खात्यात येऊ लागली. २०२४ च्या जुलैपासून महाराष्ट्रात लाडकी बहीण योजनेचे महिना पंधराशे रुपये आले. पहिल्या दोन महिन्यांचे तीन हजार ऑगस्टमध्ये जमा झाले आणि लगेच तक्रारी सुरू झाल्या: जुन्या दंडापोटी, थकलेल्या कर्जापोटी बँकेने परस्पर पैसे वळते करून घेतले. अखेर हे पैसे कापू नका, असे सरकारला बँकांना सांगावे लागले.

म्हणजे पैसा बाईच्या नावापर्यंत पोचला. पण नाव आणि हात यांच्यामध्ये एक अंतर असते, आणि त्या अंतरात बरेच जण उभे असतात. बँक, विमा कंपनी, हप्त्याने वस्तू देणारा दुकानदार, अंगठा घेणारा केंद्रवाला आणि कधी कधी आपला घरचा माणूस. पासबुकातली अनोळखी ओळ म्हणजे यांच्यापैकी कुणाच्या तरी हाताचा ठसा असतो. तो कुणाचा हे ओळखल्याशिवाय भांडण कुणाशी करायचे तेच कळत नाही.

ओळ वाचता का येत नाही?

आपल्याकडे म्हटले जाते, बायका अडाणी, त्यांना बँकेचे काय कळणार. पण आमच्या गटातली कोंबड्या विकणारी बाई सहा घरांची उधारी तोंडपाठ ठेवते, एक रुपया चुकत नाही. तिला हिशेब कळतो. तिला कळत नाही ती नोंदीची भाषा, कारण ती तिच्यासाठी लिहिलेलीच नाही. ग्राहकांना द्यायचे छापील कागद, अगदी पासबुकसुद्धा, इंग्रजी, हिंदी आणि प्रादेशिक भाषेत असावेत, असे रिझर्व्ह बँकेने बँकांना सांगितलेले आहे. जून २०१७ मध्ये तिने असेही बजावले, की पासबुकातल्या नोंदी दुर्बोध नसाव्यात; पैसे कुणाला गेले, कशापोटी गेले याचा पुरेसा तपशील हवा. प्रत्यक्षात पासबुकाचे मुखपृष्ठ तेवढे मराठीत आणि आतली ओळ आद्याक्षरांची. एम.ए.ची पदवी घेतलेल्या मलाही ती वाचता आली नाही. तेव्हा अडाणीपणाचा शिक्का कुणावर मारायचा याचा पुन्हा विचार करायला हवा.

आकड्यावरून माग

ओळ वाचता आली नाही तरी आकडा बोलतो. त्या बैठकीनंतर आम्ही तिघी-चौघी बँकेत, केंद्रात आणि ओळखीच्या निवृत्त कॅशियरकडे खेटे घालून हे शिकलो. गटांनी ते फळ्यावर लिहून ठेवावे.

२० आणि ४३६ हे आकडे साधारण मे महिन्याच्या अखेरीस दिसतात. हे दोन सरकारी विम्यांचे वर्षाचे हप्ते. वीस रुपयांचा तो सुरक्षा विमा, अपघाती मृत्यूला दोन लाख, वय १८ ते ७०. चारशे छत्तीसचा तो जीवनज्योती विमा, कोणत्याही कारणाने मृत्यू आला तर वारसाला दोन लाख. त्यात १८ ते ५० या वयात शिरता येते. २०१५ साली दोन्ही सुरू झाले तेव्हा हप्ते १२ आणि ३३० होते, १ जून २०२२ पासून वाढले. संमतीपत्रावर सही किंवा अंगठा असल्याशिवाय हे पैसे कापता येत नाहीत. विमा नको असेल तर मे उजाडण्याआधी बँकेत लेखी अर्ज देऊन तो थांबवता येतो. आणि माझ्यासारखा दोन खात्यांतून हप्ता जात असेल तर त्याचा काडीचा उपयोग नाही. दावा एकदाच मिळतो, दुसरा हप्ता बुडाला असे समजावे.

पैशांच्या अपूर्णांकाचे किंवा असे वेडेवाकडे आकडे दिसले, की ते बहुधा बँकेचे शुल्क आणि त्यावर अठरा टक्के जी.एस.टी. असते. १०० चे ११८ होतात, १२५ चे १४७ रुपये ५० पैसे, २०० चे २३६, २५० चे २९५. बँकेगणिक दर वेगळे असतात, पण उलटा हिशेब केला की मूळ शुल्क सापडते. वर्षातून एकदा येणारा असा आकडा बरेचदा एटीएम कार्डाचा असतो. तीन महिन्यांनी येणारा छोटा आकडा मोबाईलवरच्या संदेशांचा. हे पैसे प्रत्यक्ष गेलेल्या संदेशांपुरतेच घ्यावेत, असे रिझर्व्ह बँकेने २०१३ सालीच सांगितले होते. महिन्याच्या ठरावीक तारखेच्या आसपास येणारा २९५ सारखा आकडा म्हणजे कशाचा तरी हप्ता खात्यातून जायचा होता, शिल्लक नव्हती, तो परत गेला आणि त्याचा दंड बसला.

किमान शिलकीचा दंड हा आणखी एक. स्टेट बँकेने २०२० साली बचत खात्यांवरचा हा दंड काढून टाकला. पण सगळ्याच बँकांनी काढला असे नाही. जिथे दंड आहे तिथेही शिल्लक कमी झाल्याचे आधी कळवावे, ती भरायला निदान एक महिना द्यावा आणि केवळ दंडामुळे खाते उणे होऊ नये, हा १ एप्रिल २०१५ पासूनचा नियम. जनधनसारख्या मूलभूत बचत खात्याला तर किमान शिलकीची अटच नाही. आपले साधे खाते असेल आणि शिल्लक राहत नसेल तर ते मूलभूत खात्यात बदलून मागता येते. मात्र त्याच बँकेत दुसरे बचत खाते ठेवता येत नाही.

इथे एक इशारा. अनोळखी ओळ म्हणजे दर वेळी चोरीच असे नाही. आमच्या शेजारच्या वाडीतली एक बाई आजाराने गेली. तिचे खाते बंद करायला मुलगा पासबुक घेऊन निघाला होता. गटातल्या एकीने ते सहज चाळले तर मे महिन्यात ४३६ ची ओळ. घरात कुणालाच माहीत नव्हते, गेलेल्या बाईलाही बहुधा नव्हते. दावा केला, दोन लाख मिळाले. तिच्या हयातीत ती ओळ कुणी तिला समजावून सांगितली असती तर आपल्यामागे मुलांना काही तरी आहे, एवढा धीर तरी तिला मिळाला असता. न सांगता पैसे घेणे हा अन्याय आहेच, पण न सांगता दिलेला हक्कही हक्क राहत नाही.

सतरा रुपये सत्तर पैसे

छोट्या रकमेसाठी कोण भांडत बसणार, असे आपल्यालाही वाटते. त्यासाठी हे उदाहरण. मूलभूत बचत खात्यातून महिन्याला चार वेळा पैसे काढणे मोफत. पाचव्या वेळेपासून स्टेट बँकेने १५ रुपये आणि त्यावर जी.एस.टी. असे १७ रुपये ७० पैसे लावले, आणि तेही मोबाईलवरून किंवा रुपे कार्डाने केलेल्या व्यवहारांवर. आयआयटी मुंबईतले सांख्यिकीचे प्राध्यापक आशिष दास यांनी हा विषय लावून धरला. त्यांच्या नोव्हेंबर २०२१ मधल्या अहवालानुसार जनधन खातेदारांकडून असे २५४ कोटींहून अधिक रुपये गोळा झाले. ऑगस्ट २०२० मध्ये केंद्रीय प्रत्यक्ष कर मंडळाने १ जानेवारी २०२० पासून घेतलेले असे पैसे परत करायला सांगितल्यावर सुमारे ९० कोटी परत झाले आणि १६४ कोटी तेव्हा परत व्हायचे होते.

सतरा रुपये सत्तर पैसे! एकेका बाईच्या पासबुकात ती एक ओळ. तिने विचारले असते तर काउंटरवरच्या माणसाने म्हटले असते, "मावशी, सतरा रुपड्यांसाठी रांग अडवू नका." पण सगळ्यांच्या ओळी एकत्र मांडल्या तेव्हा अडीचशे कोटी दिसले. बचत गटातल्या बाईला हे वेगळे समजवावे लागत नाही. तिला ठाऊक आहे, की वीस जणींचे शंभर शंभर म्हणजे किती. बँकेलाही ठाऊक आहे. रक्कम छोटी म्हणून आपण गप्प बसतो, आणि आपण गप्प बसतो म्हणून रक्कम छोटी ठेवली जाते.

अंगठ्याची किंमत

गावात बँकेची शाखा नसते, असते ते ग्राहक सेवा केंद्र. आधार क्रमांक सांगायचा, यंत्रावर अंगठा ठेवायचा, पैसे घ्यायचे. म्हाताऱ्या बायांना ही मोठीच सोय झाली, ते नाकारायचे कारण नाही. पण "अंगठा लागला नाही, पुन्हा ठेवा" हे वाक्य ज्या बायांनी ऐकले आहे त्यांनी पासबुकात त्या तारखेची ओळ एक आहे की दोन, हे जरूर पाहावे. पाचशे काढले आणि ओळ हजाराची, असेही आम्ही पाहिले. शेतात, भांड्यांत झिजलेले अंगठे पहिल्या फटक्यात लागत नाहीत हे खरे. म्हणूनच या लबाडीला आडोसा मिळतो.

उपाय साधा आहे. प्रत्येक वेळी छापील पावती मागायची, व्यवहार फसला तरी फसल्याची पावती मागायची. "कागद संपला" असे उत्तर आले तर शिल्लक किती उरली ते तिथेच वाचून घ्यायचे आणि वहीत लिहायचे. आधारवरचे बोटांचे ठसे कुलूपबंदही करता येतात आणि लागतील तेव्हा उघडता येतात. १९४७ या क्रमांकावर त्याची माहिती मिळते. पण ते कुलूप लावले की रेशन दुकानातला अंगठाही लागत नाही, हे आधीच सांगून ठेवते. नाही तर एका संकटातून सोडवायला जाऊन बाईला दुसऱ्यात लोटायचो.

चोर घरातला असेल तर?

आता त्या आक्कांच्या २९५ कडे येते. दोन खेपा घातल्यावर उलगडा झाला. थोरल्या मुलाने तालुक्याच्या दुकानातून हप्त्याने मोबाईल घेतला होता. त्याच्या खात्यावर कर्ज बसेना, म्हणून आईला दुकानात नेऊन तिच्या खात्यावर हप्ता लावला. "कागदावर सही कर, बाकी मी बघतो." हप्ता त्याने चार महिने भरला, मग सोडला. आईच्या खात्यात पंधराशे आले की आधी हप्ता जाई. शिल्लक नसेल त्या महिन्यात दंड.

आम्ही उत्साहाने म्हटले, चला, लेखी तक्रार करू. आक्का गप्प झाल्या. पुढच्या बैठकीला त्या आल्याच नाहीत. नंतर विहिरीवर भेटल्या तेव्हा म्हणाल्या, "ताई, तुमच्या कागदावर नाव पोराचं पडलं असतं. म्हातारपणी मला भाकरी कोण घालणार?"

मैत्रिणींनो, इथे आपण चुकलो होतो हे मला मान्य करायचे आहे. आपण अनोळखी ओळ शोधायला निघालो आणि ओळखीचा माणूस सापडला. नवऱ्याजवळ असलेले एटीएम कार्ड, पोराला सांगितलेला पिन, दिराच्या कर्जाला दिलेली सही, यातून गेलेले पैसे बँकेच्या दप्तरी 'फसवणूक' ठरत नाहीत. पिन तुम्हीच दिलात ना, मग जबाबदारी तुमची, असे बँक म्हणते. नियम म्हणून ते बरोबरही असेल. पण ज्या घरात पिन न सांगणे म्हणजे भांडण, आणि भांडण म्हणजे मार, तिथे 'दिला' या शब्दाचा अर्थ काय? बँकेच्या भिंतीवर 'पिन कुणालाही सांगू नका' अशी पाटी असते. ती लिहिणाऱ्याने आपले घर डोळ्यांपुढे ठेवलेले नाही.

यावर तयार उत्तर माझ्याजवळ नाही. पण काही गोष्टी आम्ही शिकलो. पासबुक वाचताना सापडलेली गोष्ट बाईच्या परवानगीशिवाय बैठकीत मोठ्याने बोलायची नाही. तक्रार करायची की नाही हे तीच ठरवील. तक्रार न करताही बरेच करता येते: कार्ड हरवले म्हणून बंद करून नवे घेणे, पिन बदलणे, वेगळ्या बँकेत नवे खाते काढून त्यात स्वतःचा मोबाईल नंबर देणे. आक्कांनी शेवटी मुलाला बसवून हिशेब विचारला. गटातल्या दोघी नुसत्या चहाला म्हणून बरोबर बसल्या होत्या. त्याने राहिलेले हप्ते आपल्या खात्यावर घेतले. दंडाचे पैसे काही परत आले नाहीत. पण "आईनं विचारलं" ही गोष्ट त्या घरात पहिल्यांदा घडली, असे त्यांनीच सांगितले.

संदेश कुणाच्या मोबाईलवर?

जिथे खरोखर परक्याने पैसे काढले असतील तिथे मात्र एक दिवसही दवडू नये. जुलै २०१७ मध्ये रिझर्व्ह बँकेने यासंबंधी जी वाटणी घालून दिली, ती अशी. बँकेचाच हलगर्जीपणा असेल तर खातेदाराचे नुकसान शून्य. चूक बँकेचीही नाही आणि खातेदाराचीही नाही, तिसऱ्याच कुणाची आहे, आणि बँकेचा संदेश मिळाल्यापासून कामाच्या तीन दिवसांत कळवले, तरीही नुकसान शून्य. चार ते सात दिवसांत कळवले तर मूलभूत खात्याला जास्तीत जास्त पाच हजारांचा भार, साध्या बचत खात्याला दहा हजारांचा. त्यानंतर बँकेच्या धोरणावर. कळवल्यापासून कामाच्या दहा दिवसांत बँकेने ती रक्कम खात्यात दाखवायची आणि नव्वद दिवसांत निकाल लावायचा. खातेदाराची चूक होती हे सिद्ध करण्याची जबाबदारी बँकेवर.

नियम चांगला आहे. पण तीन दिवस मोजायचे ते संदेश मिळाल्यापासून, आणि संदेश जातो खात्याला जोडलेल्या मोबाईलवर. आमच्या बैठकीत विचारले, "तुमच्या खात्याला नंबर कुणाचा?" नवऱ्याचा, पोराचा, जावयाचा, एकीचा तर खाते उघडून देणाऱ्या केंद्रवाल्याचा! तो संदेश नवरा पुसून टाकतो किंवा पोरगा वाचतच नाही, आणि बाईला पासबुक भरल्यावर तीन महिन्यांनी कळते. नियमातले घड्याळ तिच्या हातावर नाही. म्हणून माझ्या मते गटाने हाती घ्यायचे पहिले काम हे: प्रत्येकीच्या खात्याला तिचा स्वतःचा नंबर. मोबाईल नसेल तर निदान दर महिन्याला पासबुक भरणे.

मग पायऱ्या. पैसे गेल्याचे दिसले की बँकेच्या क्रमांकावर आणि १९३० या सायबर गुन्ह्यांच्या क्रमांकावर त्याच दिवशी कळवायचे. मग शाखेत लेखी अर्ज, मराठीत चालतो. तारीख, रक्कम, ओळीची नक्कल आणि 'हा व्यवहार मी केलेला नाही' एवढे पुरे. शुल्क किंवा विमा असेल तर 'माझ्या संमतीचा कागद दाखवा' ही ओळ जरूर घालायची. अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर शिक्का आणि तारीख घेतल्याशिवाय उठायचे नाही. तीस दिवसांत उत्तर आले नाही किंवा पटले नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाता येते. ही तक्रार पोस्टानेही करता येते, पैसे पडत नाहीत, वकील लागत नाही आणि बाईच्या लेखी परवानगीने गटातली कार्यकर्तीही तिच्या वतीने ती करू शकते. माहितीसाठी १४४४८. पतसंस्था मात्र यात येत नाही; तिची तक्रार सहकार खात्याच्या निबंधकाकडे.

हे आपले काम आहे का?

काही मैत्रिणी विचारतील, आपण स्त्रियांची संघटना की बँकेचा मदत कक्ष? प्रश्न रास्त आहे. गेल्या काही वर्षांत बचत गटांना संघर्षापासून सोडवून कर्ज-वसुलीच्या वहीला बांधून टाकले गेले, हे आपणच म्हणत आलो. त्यात आणखी पासबुकांचे लचांड कशाला?

माझे उत्तर असे. 'आर्थिक साक्षरता' नावाची शिबिरे बँकाही घेतात. त्यांत बाईला शिकवतात की तू सावध राहा. म्हणजे फसली तर चूक तिचीच. आपले शिबिर वेगळे असले पाहिजे. आपण बाईला सांगायला हवे, की तुला वाचता येत नाही ही तुझी चूक नाही, तुला वाचता येईल असे लिहिणे हे बँकेचे काम आहे. आपण एकेकीची अडचण सोडवून थांबायचे नाही, ओळी गोळा करायच्या. एका गावात एकाच बँकेच्या तीस पासबुकांत संमतीशिवाय विमा सापडला तर तो तीस अर्जांचा विषय राहत नाही, शाखेवर मोर्चा नेण्याचा विषय होतो.

आणि मागण्या काय? नोंद मराठीत आणि पूर्ण शब्दांत. विम्याच्या किंवा हप्त्याच्या संमतीचा मराठी कागद खातेदार बाईच्या हातात. खाते उघडताना नंबर तिचाच, दुसऱ्याचा असेल तर का, याची लेखी नोंद. केंद्रावर प्रत्येक व्यवहाराची पावती. यात जगावेगळे काहीच नाही. किराणा दुकानदारही उधारीच्या वहीत 'साखर एक किलो' असे लिहितो.

आमच्या गटाने आता दर महिन्याच्या बैठकीत पहिला अर्धा तास पासबुकांना दिला आहे. प्रत्येकीने आपली ओळ स्वतः बोटाने दाखवायची, मग आकडा सांगायचा, मग गट अंदाज बांधतो. परवा एका अगदी अबोल सुनेने पासबुक उघडले आणि म्हणाली, "ह्यातलं सगळं मला ठावं हाय. एकच इचारायचंय. इतकी वर्सं ह्ये कपाटात कुलूप लावून का ठिवलं व्हतं?" सासूबाई शेजारीच बसल्या होत्या. उत्तर कुणी दिले नाही, पण प्रश्न सगळ्यांनी ऐकला.

तुमच्या गटात पासबुके उघडून पाहा. काय सापडले ते आम्हाला लिहून कळवा. नावे नकोत, ओळी हव्यात.